जाळीचा दोरा

पीरबाबांच्या डोंगरावर नवसाची रीत सोपी आहे. मागणं मागून दर्ग्याच्या जाळीला लाल दोरा बांधायचा आणि ते पुरं झालं की पुन्हा डोंगर चढून सोडायचा. मखमलाबादच्या मळ्यातले गुलाब बाबांना वाहून गोजराबाईने पाच वर्षांपूर्वीचा आपला दोरा शोधला आणि सोडायला घेतला.

"आता तरी सांग, काय मागितलं व्हतं?" तिच्या नवऱ्याने, वाळूने विचारलं.

"तुमचं घोरणं बंद होऊ दे म्हणून. झालं की नाय?"

वाळूला हसू आवरेना. दिवाळीत त्याच्या हृदयाचं ऑपरेशन झालं, अंग उतरलं आणि घोरणं खरंच गेलं होतं.

"चल, तुला आता सुखाची झोप तरी लागंल," म्हणत तो पायऱ्यांकडे वळला. गोजराबाई मात्र जागची हलली नाही. तिने पिशवीतून नवा दोरा काढला.

"आता गं काय राह्यलं?"

"तुम्ही परत घोरायला लागावं म्हणून बांधते," गाठ मारता मारता ती म्हणाली. "रोज चार-चार डाव उठून तुमच्या नाकापुढं हात धरून बघायला लागतंय."