शलाकाचं गचाळ अक्षर

शाळेच्या हस्तलिखितात यंदा शलाकाची गोष्ट जाणार होती, पण अट सगळ्यांना एकच: गोष्ट स्वतःच्या अक्षरात हवी. आणि शलाकाचे हात तर जन्मापासून थरथरायचे, पेन धरताच यायचं नाही! आठवीपर्यंत ती बोलायची आणि तिची संगणकी पाटी ते छापील अक्षरांत उमटवायची. यंदा मिळालेल्या नव्या पाटीने मात्र महिनाभर तिचं बोलणं, हसणं, भांडणंसुद्धा ऐकलं आणि हात स्थिर असते तर तिचं अक्षर कसं झालं असतं, ते शोधून काढलं. त्याच अक्षरात तिने शलाकाची गोष्ट कागदावर उतरवली.

कुलथे बाईंनी कागद पाहिला आणि त्यांच्या कपाळावर आठ्या पडल्या.

"शलाका, अक्षर आहे की कोंबडीचे पाय? ओळी डोंगर चढतायत, वेलांट्या समासात पळतायत!"

"अगं, सुंदर अक्षराचं बटण आहे ना पाटीवर? दाब की," शेजारचा सुहृद कुजबुजला. "नाहीतर बाई गोष्ट घ्यायच्या नाहीत."

"ते अक्षर माझं नाही." शलाका बाईंकडे वळली. "बाई, माझं हेच आहे."

बाईंनी कागद पुन्हा एकदा वरपासून खालपर्यंत पाहिला. मग त्यांनी कागद हस्तलिखिताच्या गठ्ठ्यात ठेवला.

"गोष्ट घेतली. पण उद्यापासून रोज एक पान शुद्धलेखन, या सुहृदला लावलंय तसंच. सवलत मिळणार नाही!"

वर्ग हळहळला. शलाका मात्र संध्याकाळी घराच्या फाटकातूनच आनंदाने ओरडली, "आई! आई गं! आज मला अक्षरावरून बोलणी बसली!"