चुकवून थोपटणे

बंगळुरूत बाळाला एका लयीत थोपटत नाहीत. लय सलग जमली की समोर असेल त्याची हुबेहूब दुसरी प्रत निघते, म्हणून चार थापांनंतर पाचवी मुद्दाम चुकवायची. इथे कोथिंबीरसुद्धा सगळे अडखळत चिरतात.

पुण्याहून आलेल्या सिद्धीला हे ठाऊक होतं. पण बाळंतपणाला दोन महिने झाले तरी तिला सगळं कापसाआडून ऐकू यायचं. त्या दुपारी एचएसआर लेआउटमधल्या फ्लॅटमध्ये तिचा हात आपसूक चालत राहिला आणि पाचवी थापही नेमकी पडली.

पलंगावर दोन बाळं होती. दोघांच्या हनुवटीवर दुधाचा तोच ओघळ.

बाळाला न्हाऊ घालायला येणारी भाग्यलक्ष्मीअक्का दारातच थांबली.

"तुम्ही पुण्याचे लोक. सगळं शिस्तीत करणार."

"अक्का, यातलं माझं कुठलं?"

"स्वल्प चिमटा काढून बघा. प्रतीला दुखत नाही."

सिद्धीने डावीकडच्याला चिमटा काढला. ते छताकडे बघत राहिलं. उजवीकडचं मात्र चिमटा बसताच कळवळून रडलं. तिने त्याला उचलून घट्ट छातीशी धरलं.

"हे माझं," ती म्हणाली.

अक्का तिच्या अगदी जवळ येऊन उभी होती. तिने एका हाताने बाळ काढून घेतलं.

तेव्हा कुठे सिद्धीची नजर स्वतःच्या दंडाकडे गेली. अक्काच्या दुसऱ्या हाताची नखं तिथे केव्हाची खोल रुतलेली होती.