ओत्सुनेचं रडणं

काचेच्या छताखालच्या स्टुडिओत सेन्नोसुके बायकोच्या कंबरपट्ट्याची गाठ आवळत होता. चित्रपटांतल्या बायकांच्या भूमिका आजवर तोच करत आला होता. आता लोकांना पडद्यावर खऱ्या बायका हव्या होत्या, आणि कंपनीने त्याची भूमिका त्याच्याच बायकोला, ओत्सुनेला दिली होती.

“बाहीचं टोक तोंडाशी न्यायचं, मान जरा डावीकडे,” तो हळूच म्हणाला. “मग हुंदका. मी रडलो की सगळं टोकियो रडायचं, माहीत आहे ना?”

“माहीत आहे.”

दिग्दर्शक कुवाबारांनी प्रसंग समजावला. “मूल कालच गेलंय. नवरा कामावर निघून गेला. बाई स्वयंपाकघरात एकटी. हं, रडा आता.”

सेन्नोसुकेचे हात गाठीवरच थांबले. त्याचं आणि ओत्सुनेचं बाळ, कियो, गेल्या हिवाळ्यात गेलं होतं. दुसऱ्याच दिवशी तो चित्रीकरणाला आला होता. संध्याकाळी ओत्सुनेने गरम भात वाढला आणि “दमलात का?” एवढंच विचारलं. तिला रडताना त्याने कधी पाहिलं नव्हतं.

तो बाजूला झाला. कॅमेरामन कॅमेऱ्याचा दांडा फिरवू लागला.

ओत्सुनेने बाही उचललीच नाही. तांदळाचं भांडं पुढे ओढलं आणि तांदूळ धुवायला लागली. पाणी ओतून दिलं, दुसरं घेतलं. पाणी नितळ झालं तरी हात थांबेनात. मध्येच तिने दाराकडे पाहिलं, कुणी येत नाही ना म्हणून. मग स्वतःचं मनगट दातांत घट्ट धरलं. खांदे तेवढे हलत राहिले. थोड्या वेळाने मनगट सोडून ती पुन्हा तांदूळ धुवू लागली.

दांडा थांबला.

“वा, बाई!” कुवाबारा म्हणाले. “कुणी शिकवलं हे? यांनी?”

“नाही. हे इकडे यायचे ना, तेव्हा मी घरी एकटीच असायचे.”

कुवाबारांनी डोळे पुसले. “एकदा परत घेऊ या.”

“नको!” सेन्नोसुके पुढे झाला. त्याचा आवाज फाटला होता. “ओत्सुने, पुरे. चल, घरी जाऊ.”

तिने मान वर केली नाही. भांड्यात नवं पाणी घेतलं.

“करू द्या ना,” ती म्हणाली. “आज तुम्ही बघताय.”