मास्तरांची शिवण

चिंध्यांच्या टोपलीत मास्तरांच्या बोटांना धाग्यांचा गुंता लागला. उसवलेले धागे होते. मास्तरांनी तर आठवडाभर काहीच उसवलं नव्हतं.

कुठेतरी पाणी मुरत होतं. आधी दुकानातला बल्ब कुणीतरी बदलला, उजेडच पडेना. धाकटा भाऊ म्हणे, "तोच आहे, दादा." मग डबीत बारीक नेढ्याच्या सुया आल्या. धागा ओवताना मास्तर रडकुंडीला येत.

मास्तरांनी शिवलेला कोट डोळे मिटून घालावा, अशी ख्याती होती. जन्मभर कमावलं ते एवढंच. शिवण बिघडवायची, गिऱ्हाईक बोंबललं की दुकान आपल्या घशात घालायचं, हा भावाचा डाव त्यांना आता स्वच्छ कळला.

ते डोळ्यांत तेल घालून पाळत ठेवू लागले. एका दुपारी झोपेचं सोंग घेऊन हळूच उठून आले, तर भावानं कोट उलटा धरलेला आणि उसवत होती चक्क मास्तरांची बायको.

"काय चाललंय?"

"काही नाही. टाका सुटला होता," ती म्हणाली. भाऊ बोलायला गेला, तर तिनं त्याचा हात दाबला.

मास्तरांनी भावाला हाकललं. ती समजूत घालायला आली, तेव्हा तिलाही माहेरची वाट दाखवली.

"अहो, नवं काम घेऊ नका. एवढं ऐका," ती दारातून म्हणाली.

म्हणजे धंदाच बसवायचा होता! मास्तरांनी कुलूप बदललं. शेजारणीनं दिलेला डबा परत पाठवला, त्यात काय कालवलं असेल कोण जाणे. टेबलावर दोन कोट बेतून पडले होते, एक काळा, एक निळा. घर खायला उठायचं, पण त्यांनी काळा कोट हट्टानं एकट्यानं पुरा केला.

बँकेतले साहेब, जुनं गिऱ्हाईक, तो घालून आरशापुढे उभे राहिले. दोन्ही हात पुढे धरून पाहिले.

"मास्तर, इतकी वर्षं तुमच्याकडे शिवतोय. असं कधी झालं नव्हतं."

"काय झालं?"

"एक बाही काळी आहे, एक निळी."

मास्तर कोट घेऊन दारात, लख्ख उन्हात गेले. दोन्ही बाह्या नाकाशी धरून उलटसुलट पाहिल्या. दोन्ही काळ्याच होत्या.

"भावानं शिकवून पाठवलं ना तुम्हाला?" त्यांनी विचारलं.