निळी पट्टी

बायकोने मॉनिटरची वायर उपटली तेव्हा तो त्या मॉनिटरवर काम करत होता.

"चार वाजता माझा फोन आहे," तो म्हणाला.

"आणि मामा आत्ता आलेत," ती म्हणाली.

मामा म्हणजे तिचे मामा. सोबत मामी. मामांची कंबर मोठ्या डॉक्टरांना दाखवायची होती आणि मुक्काम आठवडाभर होता. गावच्या डॉक्टरांनी वाकायला सक्त मनाई केली होती. मामा स्वभावाने आधीही कुणापुढे वाकत नसत, त्यामुळे हा सल्ला त्यांना मनापासून पटला होता. घराचं दार त्यांच्या उंचीला पुरेना, तेव्हा ते गुडघे दुमडून, मान ताठ ठेवून आत आले.

जास्तीची खोली एकच. तिच्यात त्याचं टेबल आणि टेबलावर तो भलामोठा मॉनिटर. इथे पलंग मावायला जागाच कुठे आहे, असं त्याने विचारून पाहिलं.

"जागा आहे. तुला दिसत नाही एवढंच," बायको म्हणाली.

हे वाक्य आपण कुठेतरी ऐकलंय, असं त्याला वाटलं. पण कुठे ते आठवेना. मॉनिटर कपाटावर गेला, टेबल उभं होऊन भिंतीला टेकलं आणि तो बायकोचा जुना, लहानसा लॅपटॉप घेऊन स्वयंपाकघरात मिक्सरशेजारी स्टुलावर जाऊन बसला.

चारचा फोन दातांच्या डॉक्टरीणबाईंचा होता. त्यांच्या दवाखान्यासाठी त्याने प्रोग्राम करून दिला होता. वर निळी पट्टी, तिच्यात ठसठशीत अक्षरांत त्याचं स्वतःचं नाव. खाली पेशंटचं नाव, बत्तीस दातांचं चित्र, नोंदींचा चौकोन आणि सगळ्यात खाली सेव्हचं बटण. मोठ्या मॉनिटरवर विंडो अशी देखणी दिसायची की तो कधीकधी नुसताच बघत बसे. बाईंची मात्र पहिल्या दिवसापासून एकच तक्रार होती, की बटण दिसत नाही. त्याने त्यांना मोठा स्क्रीन घ्यायला सुचवलं होतं. त्यावर बाई म्हणाल्या होत्या, "पेशंटचं तोंड लहान असलं तर मी त्याला दुसरं तोंड आणायला सांगत नाही." आज चारपर्यंत दुरुस्ती झाली नाही तर काम दुसऱ्या कुणाला देणार, हेही त्यांनी सांगून टाकलं होतं. आणि त्यांच्याखेरीज त्याच्याकडे सध्या गिऱ्हाईक नव्हतं.

त्याने लॅपटॉपवर प्रोग्राम उघडला. निळी पट्टी दिसली, नाव दिसलं, दात दिसले. नोंदींचा चौकोन अर्ध्यावर आला आणि स्क्रीन संपला. त्याने लॅपटॉप उचलून खाली पाहिलं. खाली ओटा होता.

मग त्याला ते वाक्य आठवलं. 'बटण आहे. तुम्हाला दिसत नाही एवढंच,' असं त्यानेच बाईंना कळवलं होतं. एकदा नव्हे, दर तक्रारीला. त्याचे कान गरम झाले.

आधी त्याने सगळंच सारखं लहान करून पाहिलं. बटण आलं, पण दात तिळाएवढे झाले. दाढ कोणती आणि सुळा कोणता, हे बाईंना भिंग लावून शोधावं लागलं असतं. अक्षरं तर मुंग्यांसारखी. त्याने हात टेकले आणि तो समोर बघत राहिला.

समोर खोलीचं दार उघडं होतं. आत बायको सामान लावत होती. तिने पलंग आधी ठेवला, मामांच्या लांबीचा, तिरका नाही की तोडका नाही. मग मामींची खुर्ची खिडकीशी, कारण त्यांना वारा लागतो. दार पुरतं उघडतंय का, ते तिने दोनदा पाहिलं. उरल्या जागेत बॅगा एकावर एक चढल्या. सगळ्यांनी थोडंथोडं आकसा, असं ती कुणालाच म्हणाली नाही. बाहेर येऊन तिने फक्त त्याला जरा सरकायला सांगितलं, कारण मिक्सर लावायचा होता.

तो सरकला आणि सरकता सरकता त्याला सुचलं. बटण विंडोच्या खालच्या कडेला पक्कं बांधायचं, कड वर आली की बटणही वर. दातांना एका मापाच्या खाली जाऊ द्यायचं नाही. नोंदींचा चौकोन हवा तेवढा आकसेल, आतला मजकूर वरखाली सरकवता येईल. एवढं करूनही बोटभर जागा कमी पडत होती. त्याने पुन्हापुन्हा मोजलं. मग, स्क्रीन लहान असेल तर निळी पट्टी दिसू नये, असं लिहून टाकलं. लिहिताना त्याला वाईट वाटलं. ती पट्टी त्याने फार हौसेने केली होती.

फोन आला तेव्हा तो स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात, लॅपटॉप मांडीवर घेऊन अंग चोरून बसला होता. आतून मामा म्हणाले, "जावईबापू, जरा हळू बोला, डोळा लागतोय." त्याने आवाज खाली आणला.

त्याने पाठवलेला नवा प्रोग्राम बाईंनी दवाखान्यात उघडला. मग म्हणाल्या, "बटण दिसतंय." आणखी थोड्या वेळाने म्हणाल्या, "अक्कलदाढसुद्धा दिसतेय. ठीक आहे, काम तुमच्याकडेच राहू दे."

त्याने दबक्या आवाजात आभार मानले.

"पण वर तुमच्या नावाची ती निळी पट्टी होती, ती काढून टाकलीत?"

"नाही, आहे ती. जागा कमी पडली की दिसत नाही एवढंच."

"मग परत कधी दिसते?"

त्याने खोलीत पाहिलं. मामा पलंगभर पसरले होते. त्याचा मॉनिटर जिथे असायचा, तिथवर त्यांचे पाय पोचले होते.

"पाहुणे गेले की," तो हळूच म्हणाला.