बिनपगारी तीन वर्षं

"सहा महिन्यांचा पगार देतो, विषय संपवा," शाळेचे सचिव म्हणाले.

"छत्तीस महिने शिकवलंय मी," भूगोलाच्या बाई म्हणाल्या.

तडजोड अधिकाऱ्यांनी घड्याळात पाहिलं. सकाळपासून गाडं इथेच अडलं होतं.

नोकरीची पहिली तीन वर्षं बाईंनी रोज पाच तास घेतले, पेपर तपासले, सहलीही नेल्या. पण 'पुढच्या वर्षी बघू' म्हणत शाळेने त्यांचं नाव हजेरीपटावर घेतलंच नाही, पगारही दिला नाही. पुढे सगळं सुरळीत झालं, तरी ती तीन वर्षं बाईंना सलत राहिली. नवरा म्हणायचा, "सोड गं आता." बाई सोडणाऱ्यातल्या नव्हत्या.

घाई होती ती सचिवांना. शनिवारी मुख्याध्यापक निवृत्त होणार होते. ती जागा सगळ्यांत जुन्या शिक्षकाला मिळते, हा नियम. आणि हजेरीपटावर सगळ्यांत जुनी होती सचिवांचीच सून. फक्त हा तंटा मिटेपर्यंत नेमणुकीवर शिक्का बसणार नव्हता.

सचिवांनी खुर्ची पुढे ओढली. आवाजात मध आला.

"बाई, पैसा आज आहे, उद्या नाही. माणसाला मान मोठा. ती तीन वर्षं आम्ही तुमच्या सेवेत धरतो, तसं लेखी देतो. पगारावर मात्र पाणी सोडा."

बाईंचा चेहरा पडला. "कागदाने पोट भरतं का, साहेब?"

"मग भांडा आणखी दहा वर्षं."

बाईंनी रुमाल डोळ्यांना लावला.

"निदान तीन महिन्यांचा तरी द्या."

"एक."

"बरं. एक तर एक."

अधिकाऱ्यांनी मसुदा मोठ्याने वाचला. पहिल्या दिवसापासूनची सलग सेवा संस्थेला मान्य. उरलेल्या पगारावर बाईंचा हक्क नाही. सही झाल्यावर कोणालाही माघार नाही.

"कबूल?"

"कबूल, कबूल!" सचिवांनी पेन जवळजवळ हिसकावूनच घेतलं. छत्तीसच्या जागी एक! सुंठीवाचून खोकला गेला. त्यांना इतका आनंद झाला, की सगळ्यांसाठी चहा त्यांनीच मागवला. करारावर शिक्का बसला, तेव्हा त्यांनी टेबलावर चक्क थाप मारली.

"काय बाई, झालं ना मनासारखं?"

"अगदी." बाईंनी आपली प्रत पर्समध्ये ठेवली. "आणि सूनबाई माझ्यानंतर दोन वर्षांनी लागल्या, हेही आता कागदावर आलं. सोमवारी त्यांना वेळेवर पाठवा, साहेब. मुख्याध्यापिका म्हणून माझा पहिला दिवस आहे."