जाळ्याचं मलम

पायांना मलम चोळताना त्याला दरदरून घाम फुटला होता. खोलीत कुणी नव्हतं, तरी तो दर दोन बोटांमागं दाराकडे बघत होता. वडिलांच्या रिकाम्या खाटेखालची डबी त्यानं स्वतःच शोधून काढली होती. घोटे झाले, टाचा झाल्या. मग विजारीचे पाय खाली ओढून तो साळसूदपणे बाहेर आला.

खरं तर हे मलम जाळ्यांना लावायचं. संध्याकाळी भरतीचं पाणी उजळतं, तो उजेड मलमाकडे ओढला जातो आणि उजेडामागून मासे येतात. वडिलांनी जन्मभर तेच केलं. मुलगा मात्र डोंगरावरच्या गावात न्हावी. वडील अंथरुणाला खिळले तेव्हा तो ‘येतो, येतो’ म्हणत राहिला आणि आला तो सगळं आटोपल्यावर.

आज पायभरती होती. माणूस गेल्यावर पहिल्या उजळ भरतीला घरच्यांनी पाण्यात उभं राहायचं, अख्ख्या गल्लीनं काठावरून बघायचं. ज्यानं गेलेल्या माणसाला जपलं, त्याच्या पायांभोवती पाणी उजळतं. ज्याच्या पायांशी अंधार, त्याचं काय होतं हे दोरखंड विकणाऱ्या काळपायाला विचारावं. त्याचे केस पिकले, पण खरं नाव कुणाला आठवत नाही. त्याच्या नातवंडांनाही गल्ली ‘काळपायाची’ म्हणूनच हाक मारते. न्हाव्यालाही दोन मुली होत्या.

तो आईचा हात धरून पाण्यात शिरला. आत्या पलीकडे जरा दूर उभी राहिली. पाणी गार होतं. हळूहळू आत्याच्या पायांशी फिकट निळा उजेड आला, समईएवढा. आणि मग याच्या पायांशी पाणी असं काही पेटलं, की काठावरची माणसं ‘अरे!’ म्हणून पुढं सरकली.

आत्याला रडू फुटलं. “दादा, पोरगा उशिरा आला रे, पण बघ!”

त्याला हायसं वाटलं. तेवढ्यात त्यानं शेजारी पाहिलं. आईच्या पायांशी पाणी शाईसारखं काळं होतं.

आणि आत्ता, नको त्या वेळी, त्याला वडिलांचं बोलणं आठवलं. लहानपणी होडीत ते दटावायचे, “दुसऱ्याच्या जाळ्याशेजारी मलम लावायचं नाही. त्याचा उजेड आपण ओढतो आणि त्याचं जाळं काळं पडतं.” एवढी साधी गोष्ट कोळ्याचा मुलगा विसरला होता.

काठावर कुजबुज सुरू झाली. आत्यानं डोळे पुसले आणि तिची नजर खाली गेली.

“वहिनी, हे काय गं? तुझ्या पायांशी?”

तो लाजेनं अर्धा झाला. आई वर्षभर त्या खाटेशेजारी जमिनीवर झोपली होती. आता बोलायलाच हवं होतं. त्यानं तोंड उघडलं. तेवढ्यात आईनं त्याचा हात घट्ट दाबला. तोल जातोय म्हणून असेल, असं त्याला वाटलं. खरं सांगायचं तर तसं वाटून घेणं त्याला सोयीचं होतं.

“शेवटी शेवटी फार करवादायचे मी त्यांच्यावर,” आई सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली. “कंटाळले होते मी.”

आत्या तिच्याकडे न बघता पाण्याबाहेर निघाली. मागोमाग गल्लीही पांगली. एरवी पायभरतीनंतर घरात पाय ठेवायला जागा नसते. आज उंबऱ्याशी कुणी फिरकलं नाही.

घरी आईनं घमेल्यात गरम पाणी ओतलं, साबण पुढं केला आणि त्याला खाटेवर बसवलं.

“घोट्यांच्या मागं नीट चोळ,” ती म्हणाली. “वास तिथंच राहतो.”

त्याचे हात थांबले.

“आई, तुला पाण्यात असतानाच...”

“त्यांचे पाय मीच धुवायचे रोज. मला कळणार नाही होय? चोळ तू. आणि डबी जागेवर ठेव.”

“मी आत्याला सांगतो. आत्ताच जातो.”

“मुली आहेत तुला,” आई म्हणाली. “माझं काय आता, घरातल्या घरात राहीन.”

तो उठला नाही. उठायला हवं हे त्याला कळत होतं, आणि आईनं अडवलं याचं आत कुठंतरी बरंही वाटत होतं. त्या बरं वाटण्याचीच त्याला सगळ्यात जास्त शरम वाटली.

दारात कुणीतरी खाकरलं. काळपाया आला होता. आईनं चटकन अंगावरची शाल काढून घमेल्यावर टाकली, त्याच्या पायांसकट.

“या, बसा,” ती म्हणाली.

म्हातारा स्टुलावर टेकला. त्यानं एकदा नाक वर करून खोलीतला वास घेतला, शालीकडे पाहिलं आणि मग नजर आईकडे वळवली.

“माझ्या बापाच्या पायभरतीला शेजारी थोरला भाऊ उभा होता, वहिनी,” तो म्हणाला. “त्याच्या पायांना असाच वास येत होता. तो मरेपर्यंत मी वाट बघितली, कधीतरी बोलेल म्हणून.”